'मला इथून बाहेर काढा' असं कोण म्हणू शकतं?

ब्रिटनच्या टीव्हीवर २००२ साली सुरू झालेल्या एका करमणुकीच्या कार्यक्रमावर आंबेडकरी तरुणांनी वेळ का घालवावा, असा प्रश्न कुणालाही पडेल. शिष्यवृत्त्या रखडल्यात, भरती बंद आहे, कंत्राटीकरणाने आरक्षण पोखरलंय, आणि ताई जंगलातल्या सेलिब्रिटींवर लिहितेय! तरीही लिहिते. कारण भूक, घाण आणि अवमान या तीन गोष्टींशी आपल्या समाजाची ओळख पिढ्यान्‌पिढ्यांची आहे. या तिन्हींचा खेळ करून कुणी विकत असेल, तर त्याचा हिशोब सगळ्यात आधी आपणच मागायला हवा.

कार्यक्रमाचं नाव 'आय अॅम अ सेलिब्रिटी... गेट मी आऊट ऑफ हिअर!'. मराठीत सांगायचं तर, 'मी प्रसिद्ध माणूस आहे, मला इथून बाहेर काढा!' आयटीव्ही या वाहिनीवर २५ ऑगस्ट २००२ रोजी तो सुरू झाला. सूत्रसंचालक अँट आणि डेक ही जोडी. पहिल्या मोसमात आठ प्रसिद्ध माणसं होती. कुणी रेडिओवरचा जुना निवेदक, कुणी मॉडेल, कुणी मुष्टियोद्धा, कुणी माजी खासदाराची बायको, आणि चमचे वाकवून दाखवणारे युरी गेलरही. या सगळ्यांना ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड राज्यात टली गावाजवळच्या पर्जन्यवनात दोन आठवडे ठेवलं. दुसऱ्या मोसमापासून मुक्काम न्यू साउथ वेल्समधल्या मरविलंबाजवळ हलला.

नियम साधे. आल्यावर फोन-घड्याळ काढून घ्यायचं, अंगावर एकसारखे कपडे, खायला मोजका भात आणि बीन्स. पोटभर जेवण हवं असेल तर कुणीतरी एकाने 'बुशटकर ट्रायल' नावाची परीक्षा द्यायची. झुरळांनी भरलेल्या पेटीत झोपायचं, सापांच्या खड्ड्यात हात घालायचा, नाहीतर किडे आणि प्राण्यांचे नको ते अवयव खायचे. जितके तारे मिळवाल तितक्या जणांचं जेवण. ही परीक्षा कुणी द्यायची, हे घरी सोफ्यावर बसलेले प्रेक्षक मतं देऊन ठरवतात. अगदीच असह्य झालं तर कार्यक्रमाच्या नावातलंच वाक्य ओरडायचं. ते ओरडलं की परीक्षा तिथेच थांबते. कॅम्पच सोडायचा असेल तर तोही सोडता येतो.

हे शेवटचं वाक्य लक्षात ठेवा. माझा सगळा लेख त्या एका वाक्याभोवती आहे.

मेसमधला भात

मी या प्रकाराला पहिल्यांदा भेटले २००९ मध्ये. सोनी वाहिनीवर 'इस जंगल से मुझे बचाओ' नावाने याचीच भारतीय आवृत्ती आली होती, चित्रीकरण मलेशियाच्या जंगलात. मी बी.ए.ला होते, मागासवर्गीय मुलींच्या वसतिगृहात राहत होते. हॉलमध्ये एकच टीव्ही. त्यावर मालिकांमधल्या नट्या अपुऱ्या शिध्यावरून एकमेकींशी भांडत होत्या, रडत होत्या. आमच्या मेसमध्ये त्या वर्षी रोज पाण्यासारखी डाळ, खडे असलेला भात आणि करपलेल्या पोळ्या. ठेकेदाराविरुद्ध तीन अर्ज दिले, तिन्हींचं काही झालं नाही. जालना जिल्ह्यातली माझी एक मैत्रीण टीव्हीकडे बघून म्हणाली, "यांना आपल्या मेसला आणा गं. आठ दिवसांत विजेता कळंल."

आम्ही खूप हसलो. ती आवृत्ती एका मोसमातच बंद पडली, पण मैत्रिणीचं वाक्य माझ्या डोक्यात राहिलं. पुढे समाजशास्त्रात एम.ए. करताना मूळ ब्रिटिश कार्यक्रमाचे सुरुवातीचे मोसम इंटरनेटवर मिळतील तसे पाहिले, तेव्हा ते आणखी खोल गेलं. ब्रिटनच्या त्या प्रसिद्ध माणसांना 'हाल' म्हणून जे दिलं जात होतं, ते भात आणि कडधान्य होतं! जगातल्या कोट्यवधी कष्टकऱ्यांचं रोजचं ताट हेच आहे. एकाचं जेवण ही दुसऱ्याची शिक्षा ठरते, तेव्हा त्यात पदार्थाचा दोष नसतो. कोण कुठून खाली बघतोय, एवढाच फरक असतो.

गॉफमन या समाजशास्त्रज्ञाचं 'असायलम्स' हे १९६१चं पुस्तक आम्हाला अभ्यासाला होतं. तुरुंग, वेड्यांची इस्पितळं, बराकी अशा बंदिस्त संस्था माणसाला आत घेताना आधी त्याची ओळख कशी सोलून काढतात, हे त्यात सविस्तर आहे. स्वतःचे कपडे जातात, वस्तू जातात, वेळेवरचा ताबा जातो, जेवण 'वागण्यावर' अवलंबून राहतं. या कार्यक्रमाने ती सगळी यंत्रणा जशीच्या तशी उचलली आहे. फक्त एक गोष्ट बदलली. दरवाजाची कडी आतल्या बाजूला बसवली.

त्याच भूमीवरचा दुसरा कॅम्प

कडी बाहेरच्या बाजूला असते तेव्हा काय होतं, हे पाहायला टलीपासून फार लांब जावं लागत नाही. टलीजवळच्या किनाऱ्यावर मिशन बीच नावाचं गाव आहे. आज तिथे पर्यटक जातात. गावाच्या नावातलं 'मिशन' कुठून आलं? १९१४ मध्ये क्वीन्सलँड सरकारने तिथे हल रिव्हर नावाची वसाहत उभारली. आसपासच्या आदिवासींना त्यांच्या जमिनींवरून उचलून तिथे आणलं. आधार होता १८९७ चा कायदा. नाव 'संरक्षणा'चं, पण आदिवासी माणसाने कुठे राहायचं, कुणाकडे काम करायचं, मजुरी कुणाच्या हाती द्यायची, हे सगळं ठरवायचे अधिकारी. खायला शिधा सरकारकडून. परवानगीशिवाय बाहेर पडायचं नाही.

१० मार्च १९१८ च्या चक्रीवादळात ती वसाहत उद्ध्वस्त झाली. लोकांना सोडून दिलं का? नाही. वाचलेल्यांना समुद्रातल्या पाम बेटावर नेलं. पुढची कित्येक दशकं क्वीन्सलँडच्या कानाकोपऱ्यातून आदिवासी माणसं 'शिस्त' लावण्यासाठी त्या बेटावर धाडली जात होती. जून १९५७ मध्ये तिथल्या लोकांनी संप केला. कारणं काय होती? अपुरी मजुरी, निकृष्ट अन्न, अधीक्षकाची दडपशाही. पोलिसांनी पहाटे घरात शिरून पुढाऱ्यांना पकडलं आणि सात जणांना कुटुंबांसह बेटावरून हद्दपार केलं.

आता २००२ चं दृश्य त्याच्या शेजारी ठेवा. तोच प्रदेश, तसंच बंदिस्त शिबिर, तसाच मोजका शिधा. एका शिबिरात 'मला बाहेर काढा' म्हटलं की मदतीला माणसं धावत येतात. दुसऱ्या शिबिरात 'आम्हाला नीट खायला द्या' म्हटलं की बेड्या पडतात, आणि बाहेर पडणं हीसुद्धा शिक्षाच असते, कारण तोवर तुमची माणसं त्या बेटावर अडकलेली असतात. मी जे भाग पाहिले, त्यांत या इतिहासाचा शब्दही नव्हता. जंगल 'रिकामं', 'रानटी', कॅमेऱ्याची वाट बघत बसलेलं. कुणाची तरी भूमी आधी रिकामी करायची आणि मग रिकामी म्हणून दाखवायची, ही युक्ती आपल्यालाही ओळखीची वाटायला हवी. गायरानावरून हुसकलेल्या आपल्या माणसांना ती चांगलीच ठाऊक आहे.

कुणाचं जेवण, कुणाची किळस

'बुश टकर' हा शब्द ऑस्ट्रेलियन बोलीतला. अर्थ सरळ आहे: रानातलं खाणं. हजारो वर्षं तिथले आदिवासी ज्यावर जगले ते अन्न. कंद, फळं, कांगारूचं मांस आणि झाडाच्या मुळांत सापडणारी विचेटी अळीसुद्धा. कोणत्या ऋतूत काय खोदायचं, काय भाजायचं, कशातलं विष कसं काढायचं, हे ज्ञान आहे. पिढ्यांनी जपलेलं, बहुतेक करून बायकांनी जपलेलं. कार्यक्रमाने हा शब्द उचलला आणि किळसवाण्या परीक्षेला नाव म्हणून चिकटवला. एखाद्या समाजाच्या ताटाचं नाव दुसऱ्या समाजाच्या ओकारीला दिलं गेलं.

इथे आपल्याला काही नवं सांगायला नको. मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या खाद्यसंस्कृतीवर शाहू पाटोळे यांनी २०१५ मध्ये 'अन्न हे अपूर्णब्रह्म' लिहिलं, तेव्हा कितीतरी जणांनी पहिल्यांदा चान्या आणि रक्तीची कृती छापील पाहिली. आपल्या घरात जे आजीच्या हाताची चव म्हणून आठवतं, ते शाळेच्या डब्यात उघडायची हिंमत आपली नव्हती. वर्गात डबा अर्धवट झाकून खाल्लेला माणूस 'ई!' या एका अक्षराची ताकद जाणतो.

कुणी म्हणेल, बाबासाहेबांनीच तर १९२७ मध्ये महाडच्या परिषदेत मेलेल्या जनावरांचं मांस आणि उष्टे तुकडे सोडायला सांगितलं. हो, सांगितलं. पण ते का सांगितलं, हे समजून घ्या. ते खाणं गावाने आपल्यावर लादलेल्या दर्जाची खूण होतं. गावची मेलेली गुरं ओढायची आणि त्या बदल्यात तेच खायचं, अशी ती व्यवस्था होती. लढा जिभेच्या चवीविरुद्ध नव्हता, सक्तीविरुद्ध होता. सक्ती मोडली की ताटात काय घ्यायचं हे माणूस स्वतः ठरवतो. उलट २०१५ मध्ये महाराष्ट्रात गोवंश हत्याबंदी आली, तेव्हा सक्ती दुसऱ्या दाराने परत आली. आधी 'हेच खा' होतं, आता 'हे खायचं नाही' आहे. ताटावरचा हात मात्र दुसऱ्याचाच राहिला.

मालकीचीही गंमत बघा. या कार्यक्रमाची अमेरिकन आवृत्ती एबीसी वाहिनी आणणार होती, तेव्हा 'सर्व्हायव्हर' दाखवणाऱ्या सीबीएसने न्यूयॉर्कच्या न्यायालयात धाव घेतली. आमच्या कार्यक्रमाची कल्पना चोरली, असा दावा होता. जानेवारी २००३ मध्ये न्यायालयाने प्रसारण थांबवायला नकार दिला आणि पुढच्याच महिन्यात कार्यक्रम आला. माणसांना जंगलात उपाशी ठेवण्याच्या कल्पनेची मालकी कुणाची, यावर महागडे वकील भांडले. ज्या खाण्याच्या नावावर परीक्षा चालतात, त्या खाण्याचं ज्ञान कुणाचं, हा प्रश्न त्या खटल्यात कुठेच नव्हता.

पंतप्रधानांची मुलगी आणि गुड मॉर्निंग पथक

२००५ च्या पाचव्या मोसमात कॅरल थॅचर जिंकली. मार्गारेट थॅचर यांची मुलगी. तिने परीक्षेत कांगारूचे वृषण खाल्ले. एका रात्री अंधारात शौचालयापर्यंत जायचा कंटाळा केला आणि खाटेशेजारीच लघवी केली. ते कॅमेऱ्यात आलं, देशभर दाखवलं गेलं, लोक हसले. आणि त्याच लोकांनी तिला 'जंगलाची राणी' म्हणून निवडूनही दिलं. किती मोकळी, किती बिनधास्त बाई!

आता आपल्या गावात या. ग्रामस्वच्छतेच्या मोहिमांत 'गुड मॉर्निंग पथकं' निघत होती. पहाटे डबा घेऊन निघालेल्या बाईला गाठायचं, शिट्ट्या वाजवायच्या, हातात गुलाबाचं फूल द्यायचं, कधी फोटो काढायचा. घरात संडास बांधायला जागा नाही, बांधला तर पाणी नाही, हे सगळं त्या शिट्टीत बुडून जायचं. मी कामानिमित्त फिरते तेव्हा बाया अजूनही हे सांगतात. एका मावशींनी सांगितलं, "फूल दिलं म्हणं सत्कार केला. मी आठ दिवस पान्यालासुदिक बाहेर पडले न्हाई."

कृती सारखीच, उलट मावशींच्या कृतीला नाइलाज तरी होता. एकीला मुकुट मिळाला, दुसरीला शिट्टी. जिच्याकडे आधीच प्रतिष्ठेची मोठी शिल्लक आहे, तिने थोडी उधळली तर ती दिलदार ठरते. जिच्याकडे शिल्लकच ठेवू दिली नाही, तिच्याकडून मात्र पैसा-पैसा वसूल होतो.

काही जण म्हणतात, असे कार्यक्रम समता शिकवतात. चिखलात सगळे सारखेच. मग कॅरल थॅचरचं पुढे काय झालं तेही पाहा. फेब्रुवारी २००९ मध्ये बीबीसीने तिला 'द वन शो' या कार्यक्रमातून काढलं. कॅमेरा बंद असताना तिने एका टेनिसपटूसाठी कृष्णवर्णीयांना हिणवणारा 'गॉलिवॉग' हा शब्द वापरला होता. आपण गमतीने बोललो, असं तिचं म्हणणं. बीबीसीला हवी तशी बिनशर्त माफी तिने मागितली नाही. चिखलात लोळून कपडे मळतात, मन धुतलं जात नाही, एवढाच याचा अर्थ.

कुणाला छळायचं याचं मतदान

मला या कार्यक्रमातली सगळ्यात अस्वस्थ करणारी गोष्ट किडे नाहीत, मतदान आहे. २००४ च्या शेवटी झालेल्या चौथ्या मोसमात गायिका नॅटली अॅपलटन होती. ती घाबरते, किंचाळते, हे प्रेक्षकांच्या लक्षात आलं. मग काय, पुन्हा पुन्हा तिलाच मतं. जितकी घाबरेल तितकी मतं जास्त. शेवटी ती कार्यक्रम सोडून निघून गेली. त्याच वर्षाच्या सुरुवातीला झालेल्या तिसऱ्या मोसमातून जॉन लायडनही मधूनच बाहेर पडला होता.

हेही मतदानच आहे. मतं मोजली जातात, बहुमत ठरतं, निकाल लागतो. मग ही लोकशाही का वाटत नाही? बाबासाहेब सांगत राहिले की बंधुभाव नसेल तर स्वातंत्र्य आणि समता टिकत नाहीत. बंधुभावाशिवायचं बहुमत कसं दिसतं, ते इथे स्वच्छ दिसतं. सगळ्यात भित्रा कोण ते शोधायचं आणि सगळ्यांनी मिळून त्यालाच खड्ड्यात ढकलायचं. आपल्याकडे गावाने एकमताने एखाद्या घराचा बहिष्कार करायचं ठरवलं, की तेही बहुमतच असतं.

समर्थक म्हणतात, यात कुणाचं नुकसान झालं? सुरुवातीच्या मोसमांत प्रेक्षकांच्या फोनमधून आलेल्या पैशांतला काही भाग स्पर्धकांनी निवडलेल्या धर्मादाय संस्थांना जात होता, त्यांना मानधन मिळतं, आणि ते स्वतःच्या मर्जीने येतात. सगळं खरं आहे. पीटर आंद्रेचंच बघा. नव्वदच्या दशकातला, विस्मरणात गेलेला गायक. २००४ मध्ये जंगलात गेला, लोकांना आवडला, आणि बाहेर आल्यावर त्याचं जुनं गाणं पुन्हा बाजारात येऊन ब्रिटनच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेलं. म्हणजे इथे अवमान हे भांडवल आहे. आज गुंतवा, उद्या व्याजासह घ्या.

माझा आक्षेप त्यांच्या कमाईला नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की अवमानाचं भांडवल होण्यासाठी तीन अटी लागतात. तो ठरावीक मुदतीचा असावा लागतो, त्याचा मोबदला ठरलेला असावा लागतो, आणि तो कधीही थांबवायची मुभा असावी लागते. जातीने दिलेल्या अवमानात या तिन्ही अटी नाहीत. मुदत जन्मभराची, मोबदला उष्ट्याचा, आणि थांबवायला गेलं तर खैरलांजी. गोपाळ गुरू यांनी संपादित केलेलं अवमानावरचं पुस्तक २००९ मध्ये आलं, त्याच वर्षी आपल्याकडे जंगलाचा कार्यक्रम आला. दोन्ही एकाच वर्षात यावं, हा योगायोग मला फार बोलका वाटतो. एकीकडे अवमान हा राजकीय प्रश्न म्हणून गंभीरपणे मांडला जात होता, दुसरीकडे तो प्राइम टाइमला विकला जात होता.

डबा कोण उचलतो

त्या कॅम्पमध्ये आणखी एक काम असतं. ऑस्ट्रेलियात बाहेरच्या संडासाला 'डनी' म्हणतात. स्पर्धकांना त्याचा डबा रिकामा करावा लागतो. नाक मुरडत, विनोद करत ते हे करतात. प्रेक्षकांना मजा येते, कारण हे काम 'यांचं' नाही, हे सगळ्यांनी गृहीत धरलेलं असतं. त्या हसण्यातच सगळं आलं. ज्याचं काम तो करतो तेव्हा कुणी हसत नाही, कारण कुणी बघतच नाही.

मी पुण्यातल्या एका वस्तीत सफाई कामगारांच्या कुटुंबांसोबत काम करते. विहारात रविवारी आमचा अभ्यासवर्ग असतो. मागे एकदा वर्ग सुटल्यावर पोरं मोबाइलवर या कार्यक्रमाच्या क्लिप बघत बसली होती. एका बाईला काचेच्या पेटीत झोपवून वरून झुरळं आणि उंदीर सोडत होते. पोरं ओरडत होती. ड्रेनेजवर तीस वर्षं काढलेले एक काका मागे उभे राहून बघत होते. ते शांतपणे म्हणाले, "झुरळाचं काय भ्याव? ती तर आपल्याला भिऊन पळत्यात. भ्याव गॅसचं. गॅस लागला की मानूस वर येत न्हाई." पोरांचा आवाज बंद झाला. मग एकाने विचारलं, "काका, तुम्ही कधी नको म्हणलात का, उतरायला?" काका म्हणाले, "नको म्हनलं तर उद्या दुसरा उतरतो. मग घरी काय?"

या 'नको म्हणलं तर'मध्ये काका आणि त्या पेटीतल्या बाईमधला सगळा फरक आहे. भीती दोघांना आहे. घाण दोघांच्या अंगावर आहे. तिच्या पेटीला झाकण आहे आणि ते तिच्या एका हाकेवर उघडतं. काकांच्या वरचं झाकणही उघडंच असतं, तरी त्यांना बाहेर पडता येत नाही.

कायदे आहेत ना? आहेत. १९९३ चा आहे, २०१३ चा आहे. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गटारात मरण पावलेल्यांच्या कुटुंबाला दहा लाख द्यायला सांगितले, २०२३ मध्ये ती रक्कम तीस लाख केली. भरपाई वाढत गेली, याचा अर्थ मरणं थांबली नाहीत. बेझवाडा विल्सन यांना २०१६ मध्ये मॅगसेसे मिळालं, त्यांचा गौरव झाला, आणि ज्या प्रश्नासाठी झाला तो प्रश्न अजून मॅनहोलमध्येच आहे.

आता आपल्या देशातला 'सेलिब्रिटी' प्रयोग आठवा. गांधीजी आश्रमात स्वतः संडास साफ करायचे आणि भंगीकाम किती पवित्र आहे ते सांगायचे. बाबासाहेबांनी १९४५ च्या काँग्रेस आणि गांधींवरच्या ग्रंथात या पवित्रीकरणाची चिरफाड केली. त्यांचा मुद्दा आजही तितकाच धारदार आहे: काम थोर आहे असं सांगून तुम्ही ते त्याच माणसांच्या गळ्यात कायम ठेवता. मग २ ऑक्टोबर २०१४ आला. दिल्लीच्या वाल्मीकी वस्तीत पंतप्रधानांनी झाडू हातात घेतला आणि नऊ प्रसिद्ध व्यक्तींना आवाहन केलं. त्यात सचिन तेंडुलकर होते, सलमान खान होते, अनिल अंबानीही होते. झाडू, कॅमेरा, टाळ्या. कार्यक्रम संपला, झाडू परत कुणाच्या हातात गेला?

ब्रिटनमधला जंगलाचा कार्यक्रम निदान प्रामाणिक आहे. तो स्वतःला करमणूक म्हणतो. आपल्याकडे हीच करमणूक देशसेवा म्हणून विकली जाते.

तरीही एक धडा

या सुरुवातीच्या मोसमांतून एक गोष्ट मात्र आपण हक्काने उचलावी. जातीचं शास्त्र सांगतं की काही माणसं घाणीसाठीच जन्मली आहेत, त्यांना किळस येत नाही, ते त्यांच्या रक्तात आहे. या कार्यक्रमाने कुणाला न विचारता त्याची जाहीर परीक्षा घेतली. चार दिवस पोटात नुसता भात आणि बीन्स गेले की पंतप्रधानांची मुलगी वृषण खाते, लाडात वाढलेली मॉडेल किडा चावते, नामांकित लोक मैल्याचा डबा उचलतात. किळस रक्तात नसते. ती पोटात आणि परिस्थितीत असते. परिस्थिती बदलली की कुणीही काहीही करतो. मग काही जातींचीच परिस्थिती शतकानुशतकं का बदलली नाही? कारण कुणीतरी ती बदलू दिली नाही.

बाबासाहेबांनी ३१ जानेवारी १९२० रोजी 'मूकनायक'च्या पहिल्याच अंकात हिंदू समाजाला मजल्यामजल्यांच्या पण जिना नसलेल्या मनोऱ्याची उपमा दिली. ज्या मजल्यावर जन्मलात त्याच मजल्यावर मरायचं. त्या मनोऱ्यातून 'आम्हाला इथून बाहेर काढा' अशी हाक आपल्या माणसांनी कितीदा दिली! महाडला दिली, काळाराम मंदिराच्या दारात दिली. वरच्या मजल्यावरून कुणी उतरलं नाही. मग १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्यात बाबासाहेबांनी हाकेचं रूपच बदललं. 'बाहेर काढा' ही विनवणी संपली आणि 'आम्ही बाहेर पडतो' ही घोषणा झाली. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात लाखो लोक खरोखर बाहेर पडले. कॅमेऱ्यासमोरची दोन आठवड्यांची कसोटी नव्हती ती. एकवीस वर्षांची तयारी होती.

म्हणून तरुण साथींना सांगते: रिअॅलिटी शो बघू नका असं मी म्हणणार नाही. बघा. बिग बॉस बघा, जंगल बघा, खतरों के खिलाडी बघा. फक्त बघताना तीन प्रश्न सोबत ठेवा. हा अवमान थांबवायची मुभा कुणाला आहे? याचा मोबदला कुणाच्या खिशात जातो? आणि हेच सगळं कॅमेऱ्याशिवाय, जन्मभर कोण सोसतंय? हे तीन प्रश्न विचारायची सवय लागली, की तुम्ही ते टीव्हीपुरते ठेवणार नाही. कंत्राटी कामगाराच्या करारापाशी विचाराल, वसतिगृहाच्या मेसमध्ये विचाराल, मॅनहोलच्या काठावर विचाराल.

आपल्या वस्तीत ड्रेनेजवर जाणारा कुणी असेल तर या आठवड्यात त्याच्याशी बोला. त्याचं नाव २०१३ च्या कायद्याखालच्या सर्वेक्षणात आहे का, ते तपासा. नसेल तर अर्ज कसा करायचा, ते आपण मिळून बघू. 'नको' म्हणायची ताकद एकट्याच्या घशात येत नाही. ती मागे उभ्या असलेल्या माणसांमुळे येते.

जय भीम!